ओटो लिलिएनथालचा 1894 चा ग्लायडर: रचना, वजन सरकवून नियंत्रण आणि शेवटचा अपघात

प्रयोगवही

आठवी-नववीच्या मुलांकडून विज्ञान प्रदर्शनासाठी लिलिएनथालच्या ग्लायडरचं (इंजिनाशिवाय तरंगणाऱ्या यंत्राचं) 1:10 मॉडेल करून घ्यायचं आहे. मॉडेल नुसतं टांगून ठेवायचं नाही, हातातून सोडल्यावर ते तरंगलं पाहिजे. सोबत एक फलक असेल. मराठीत जे मिळतं त्यात "पंख बांधून डोंगरावरून उड्या मारणारा धाडसी जर्मन, अखेर पडून मेला" याच्या पुढे फारसं काही नसतं. म्हणून हे प्रश्न:

1. उडायच्या आधी त्याने नेमका काय अभ्यास केला होता?
2. ग्लायडरची मापं काय, तो कशाचा बनवला होता, माणूस त्यात कसा लटकायचा?
3. 9 ऑगस्ट 1896 ला काय बिघडलं? पंख मोडला, की वाऱ्याचा झोत आला?
4. लिलिएनथालने पंखावरचा हवेचा जोर काढायला कोष्टकं दिली होती. "लिलिएनथालची कोष्टकं चुकीची निघाली, राइट बंधूंनी ती टाकून दिली" असं एके ठिकाणी वाचलं. खरं आहे का?
5. मॉडेलसाठी काही सूचना?

---

उताराचा वारा

पहिल्या तीन प्रश्नांचं लिहितो. कोष्टकांचा विषय गणितवाल्यांनी घ्यावा.

"उड्या मारणारा" हा शब्द फलकावर अजिबात नको. जन्म 23 मे 1848, आंकलाम, पोमेरेनिया. धाकटा भाऊ गुस्टाव्ह त्याच्याहून वर्षाने लहान. दोघांनी शाळकरी वयातच करकोच्यांचं उडणं पाहून लाकडी पट्ट्यांचे पंख केले होते आणि लोक हसतील म्हणून रात्री ते बांधून पळून पाहिलं होतं. पुढे ओटो पॉट्सडॅमच्या तंत्रशाळेत आणि मग बर्लिनच्या गेवेर्बे अकादमीत शिकून यंत्र अभियंता झाला. 1870-71 च्या फ्रान्सविरुद्धच्या युद्धातून परतल्यावर भावांनी मोजमापं सुरू केली. 1891 साली तो उतारावरून पहिल्यांदा तरंगला, तेव्हा या मोजमापांना जवळपास 20 वर्षं होत आली होती. फलकाचा पहिला परिच्छेद याच 20 वर्षांचा असू द्या.

मोजमापाचं यंत्र फिरत्या भुजेचं होतं. उभ्या खांबावर आडवी भुजा, भुजेच्या टोकांना तपासायचे पृष्ठभाग, आणि दोरीला टांगलेली वजनं खाली पडताना भुजा फिरवणार. पृष्ठभागाचा कोन बदलायचा, फिरण्याचा वेग नोंदवायचा आणि हवेचा उभा व आडवा जोर वेगवेगळा मोजायचा. त्यातून ठरलं की सपाट फळीपेक्षा किंचित कमानदार पृष्ठभाग लहान कोनात कितीतरी जास्त उचलतो. कमानीची उंची रुंदीच्या सुमारे 1/12 ठेवली तर फायदा सर्वांत चांगला. या यंत्रातला दोषही त्यांना माहीत होता. भुजा फिरत राहिली की खोलीतली हवाच तिच्याबरोबर फिरू लागते आणि आकडा कमी येतो. म्हणून त्यांनी उघड्या माळावर नैसर्गिक वाऱ्यातही मापं घेतली. तिथे वाऱ्याला सरासरी 3 ते 4 अंशांचा वरचा कल असतो असं त्यांना आढळलं. हे सगळं 1889 साली 'डेर फोगेलफ्लुग आल्स ग्रुंडलागे डेर फ्लिगेकुन्स्ट' या पुस्तकात आकृत्यांसह आलं. विषय उडण्याच्या कलेचा पाया म्हणून पक्ष्यांचं उड्डाण. कोन बदलत जाताना उभा आणि आडवा जोर कसा बदलतो हे एकाच वक्ररेषेवर दाखवायची त्याची पद्धत विमानशास्त्रात आजही वापरतात.

पैसा कुठून आला? बर्लिनमध्ये त्याचा स्वतःचा कारखाना होता, लहान वाफेची इंजिनं आणि नागमोडी नळ्यांचे बॉयलर बनवणारा. या बॉयलरवर त्याचं पेटंट होतं. नळीत पाणी थोडंच असल्याने मोठ्या टाकीसारखा स्फोट होण्याची भीती कमी, म्हणून लहान कारखानदार तो घ्यायचे. 1890 पासून त्याने नफ्यातला 25 टक्के वाटा कामगारांना द्यायला सुरुवात केली. याच कारखान्यात पुढे ग्लायडर विकायला बनले.

आता पायऱ्या, कारण मुलांनी समजून घ्यावं ते इथे आहे. आधी बागेत 1 मीटर उंचीच्या फळीवरून सराव, मग फळी वाढवत 2 मीटरवर. 1891 साली डेर्विट्झ गावाजवळच्या टेकाडावरून 25 मीटरपर्यंतचे तरंग (म्हणजे तरंगत केलेली उड्डाणं). 1893 मध्ये श्टेग्लिट्झच्या टेकडीवर शेड बांधून तिच्या छपरावरून उड्डाणं. त्याच वर्षी रिनोव्हच्या टेकड्या सापडल्या आणि अंतर हळूहळू 250 मीटरपर्यंत गेलं. 1894 मध्ये लिख्टरफेल्डेला त्याने वीटभट्टीच्या टाकाऊ मातीचा 15 मीटर उंच शंकूसारखा डोंगरच उभारून घेतला. माथ्यावर ग्लायडर ठेवायची खोली. शंकूच का? वारा कुठूनही आला तरी त्याच्या तोंडावर पळत सुटता यावं म्हणून. एकाच दिशेला उतार असलेल्या टेकडीवर वारा फिरला की दिवस फुकट जातो, आपल्याकडे कामशेतला पॅराग्लायडिंग करणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको. एकूण तरंग 2000 च्या वर. पण एकेक तरंग काही सेकंदांचा, त्यामुळे हवेतला एकूण वेळ जेमतेम 5 तास भरतो. हा 5 तासांचा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागेल.

1894 च्या विक्रीच्या ग्लायडरची मापं:

पंखविस्तार 6.7 मीटर, क्षेत्रफळ 13 चौरस मीटर, वजन 20 किलो, किंमत 500 मार्क. सांगाडा सोललेल्या विलोच्या काठ्यांचा, त्यावर घट्ट विणीचं सुती शर्टिंग. पंखाच्या फासळ्या मधल्या लाकडी चौकटीवरच्या खोबणींतून वटवाघळाच्या बोटांसारख्या पसरायच्या आणि मिटायच्या, म्हणजे ग्लायडर रेल्वेच्या डब्यातून किंवा दारातून नेता यायचा. कमान टिकवण्यासाठी वेगळ्या वाकवलेल्या पट्ट्या कापडाला शिवलेल्या खिशांत सरकवायच्या. वर-खाली ताणाच्या तारा. मागे उभं स्थिर शेपूट आणि आडवं शेपूट. आडवं शेपूट बिजागरीवर वरच्या बाजूला मोकळं उचललं जायचं, खाली मात्र अडायचं. याकडे नीट लक्ष द्या, अपघाताच्या वेळी हाच मुद्दा येतो.

उडणारा लटकायचा तो हातांवर. दोन्ही हात गादी लावलेल्या आधारांत अडकवायचे आणि मुठीत चौकटीची आडवी दांडी धरायची. छाती-खांदे चौकटीत, कंबर आणि पाय मोकळे. पाय हलवून गुरुत्वमध्य सरकवणं एवढंच नियंत्रण. डावा पंख वर उचलला गेला तर पाय डावीकडे फेकायचे. नवख्याचे पाय बरोबर उलट जातात, कारण ज्या बाजूला आपण पडतो आहोत तिकडे पाय टेकवावेत असं शरीराला वाटतं. ही सवय मोडणं हाच सरावाचा मोठा भाग होता. उतरताना वजन मागे घ्यायचं, नाक उचलायचं, वेग मरू द्यायचा आणि पायांवर उभं राहायचं.

अपघाताचं वेगळ्या प्रतिसादात लिहितो, हा आधीच लांबला.

---

उताराचा वारा

9 ऑगस्ट 1896, रविवार. जागा श्टॉल्न गावाजवळची गोलेनबर्ग टेकडी. बरोबर त्याचा मेकॅनिक पाउल बायलिख. ग्लायडर तोच, नेहमीचा 13 चौरस मीटरवाला. आधीचे तरंग ठीक झाले होते. नंतरच्या तरंगात समोरून आलेल्या झोताने नाक वर गेलं आणि ग्लायडर हवेत जवळपास थांबला. त्याने पाय पुढे फेकून नाक खाली आणायचा प्रयत्न केला, पण वेग संपला होता. सुमारे 15 मीटरवरून तो कोसळला. मानेचा तिसरा मणका मोडला. रेल्वेने बर्लिनला नेलं, आणि दुसऱ्या दिवशी 10 ऑगस्टला त्याचा मृत्यू झाला. वय 48.

म्हणजे उत्तर: पंख मोडला नव्हता, स्टॉल झाला, म्हणजे नाक फार वर जाऊन पंखाची उचलच सुटली. झोत हे निमित्त. खरं कारण म्हणजे झोतातून बाहेर काढायला लागणारं नियंत्रण त्या ग्लायडरमध्ये नव्हतं. त्यात तीन गोष्टी एकावर एक येतात.

पहिली, ऑगस्टची ऊन लागलेली कोरडी टेकडी. जमीन तापली की गरम हवेचे गोळे सुटतात. असा गोळा उताराच्या वाऱ्यात मिसळला की काही सेकंद वारा वाढतो आणि लगेच पडतो. वाढताना नाक उचललं जातं, पडताना अंगाखालचा वेग जातो. आजही नवशिक्यांना भर दुपारी सोडत नाहीत ते याचसाठी.

दुसरी, पाय फेकून गुरुत्वमध्य फार सरकत नाही. छाती आणि हात चौकटीला बांधलेले. कंबरेखालचा भाग पूर्ण पुढे नेला तरी शरीराचा गुरुत्वमध्य 15 सेंटीमीटरच्या आसपास हलतो. माणूस 80 किलो धरला, ग्लायडर 20, तर सगळ्याचा मिळून गुरुत्वमध्य 12 सेंटीमीटर हलला. पंखाची सरासरी रुंदी 1.94 मीटर, म्हणजे 6 टक्के. आजच्या हँग ग्लायडरमध्ये माणूस पट्ट्याला टांगलेला असतो आणि दांडी ढकलून अख्खं शरीर पुढेमागे नेतो, म्हणून तिथे हीच पद्धत पुरते.

तिसरी, ते मोकळं शेपूट. ग्लायडर नाक वर करून खाली बसू लागला की हवा खालून येते. शेपूट घट्ट असतं तर त्या हवेने शेपूट उचललं असतं आणि नाक आपोआप खाली आलं असतं. इथे शेपूट बिजागरीवर नुसतंच वर उघडतं, जोर देत नाही. ही सोय उतरताना नाक सहज उचलता यावं म्हणून केली होती. जमिनीजवळ ती उपयोगी, 15 मीटरवर घातक.

त्याचा पुढचा रस्ताही ठरला होता. विलोच्या काठीचा पुढे येणारा धक्काशोषक कमानदार दांडा त्याने आधीच केला होता आणि एका मोठ्या पडण्यात त्या दांड्याने त्याचा जीव वाचवला होता. 1895 पासून दुमजली ग्लायडर सुरू झाले होते. पंखांची फडफड करणाऱ्या यंत्रासाठी कार्बन डायऑक्साइडच्या दाबावर चालणाऱ्या मोटरवरही काम चालू होतं.

---

प्रयोगवही

खूप आभार. "काही सेकंद वारा वाढतो आणि पडतो" हे मुलांना पंख्यासमोर दाखवता येईल. एक शंका: अंतर 250 मीटर, टेकडी किती उंच? आणि दुमजली ग्लायडरचा फायदा काय? क्षेत्रफळच वाढवायचं तर पंख लांब करून चाललं नसतं का?

---

गणितगप्पा

शेवटच्या प्रश्नात सगळी गंमत आहे. लांब पंख चालले नसते, आणि का ते आकड्यांतच दिसतं.

आधी वेग. एकूण 100 किलो, 13 चौरस मीटर, उचल-गुणांक (पंख किती चांगला उचलतो ते सांगणारा आकडा) 1 धरला, तर तरंगायला सेकंदाला 11 मीटर हवेचा वेग लागतो, म्हणजे ताशी 40 किलोमीटर. 20 किलोचं ओझं हातांवर घेऊन माणूस एवढा पळणार नाही. समोरून 5 ते 6 मीटरचा वारा असेल तर उरलेले 5-6 मीटर उतारावर पळून मिळतात. वारा नसलेला दिवस म्हणूनच निकामी.

आता टेकडी. रिनोव्हच्या टेकड्यांतली गोलेनबर्ग भोवतालच्या सपाटीपासून साधारण 60 मीटर उठते. जर्मन एअरोस्पेस सेंटरने या ग्लायडरची जुन्या साहित्यातून हुबेहूब प्रतिकृती करून 2016 साली नेदरलँड्समधल्या मोठ्या वातबोगद्यात (हवेचा झोत सोडून तपासायच्या बोगद्यात) तपासली. 1 मीटर उतरताना पुढे सुमारे 3.6 मीटर, असा आकडा आला. शांत हवेत 60 मीटरवरून 216 मीटर. उतारावर चढणाऱ्या वाऱ्याची मदत धरली की 250 जुळतं. उतार 20 अंशांचा आणि वारा 5 मीटरचा असेल तर वाऱ्याचा वर जाणारा भाग 1.7 मीटर. ग्लायडर सेकंदाला 2.9 मीटर खाली बसतो, त्यातले 1.7 वजा. वारा 8 मीटरचा झाला तर वजाबाकी जवळपास शून्य होते आणि माणूस उतारासमोर जागच्या जागी तरंगल्यासारखा दिसतो. लिलिएनथालला हा अनुभव पुन:पुन्हा आला होता. पण तेवढ्या वाऱ्यात झोतही तसेच.

आता लांब पंख. एका बाजूच्या पंखावर जरा जास्त वारा आला असं समजा. प्रत्येक पंख निम्मं वजन, म्हणजे 490 न्यूटन उचलतो. एका पंखाखालचा वेग 11 वरून 12 मीटर झाला, फक्त 1 मीटरने, तर उचल वेगाच्या वर्गाने वाढते: सुमारे 19 टक्के, म्हणजे 93 न्यूटन. हा जोर मध्यापासून साधारण 1.5 मीटरवर लागतो. उलथवणारा जोर झाला 140 न्यूटन-मीटर. समोर माणूस काय देऊ शकतो? 80 किलो, 15 सेंटीमीटर बाजूला: 118 न्यूटन-मीटर. सेकंदाला फक्त 1 मीटरचा फरक आणि माणूस हरला. प्रत्यक्षात पंख वर जाताना हवा त्याला रोखते, म्हणून लगेच उलटत नाही, पण किती काठावरचा खेळ होता ते कळतं.

पंख लांब केला तर ते 1.5 मीटरचं अंतर वाढतं आणि माणसाचे 15 सेंटीमीटर तेवढेच राहतात. म्हणून लिलिएनथालने 1895 मध्ये विस्तार 5.5 मीटरवर आणला, एकावर एक दोन पंख लावले आणि एकूण क्षेत्रफळ 18 चौरस मीटर केलं. क्षेत्रफळ वाढल्याने कमी वेगात तरंगता येतं, आखूड विस्तारामुळे पाय पुरतात. ही बुद्धी अभियंत्याची आहे, उडी मारणाऱ्याची नव्हे.

कोष्टकांबद्दल. "चुकीची निघाली" हे वाक्य फलकावर लिहू नका. गोष्ट अशी आहे.

त्या काळी हवेचा जोर काढायचं सूत्र होतं: एक स्थिरांक × क्षेत्रफळ × वेगाचा वर्ग × कोनानुसारचा गुणांक. स्थिरांक जुना, 18 व्या शतकातल्या स्मीटनच्या नावाने चालत आलेला. मेट्रिकमध्ये तो 0.13 धरायचे, आणि लिलिएनथालनेही तोच धरला. त्याची कोष्टकं म्हणजे शेवटचा गुणांक: सपाट फळी वाऱ्याला काटकोनात धरल्यावर जेवढा जोर, त्याच्या किती पट.

1901 साली अमेरिकेत किटी हॉकच्या वाळूच्या किनाऱ्यावर राइट बंधूंचा ग्लायडर हिशेबाच्या सुमारे एक तृतीयांशच उचलू लागला. त्यांनी आपल्या गावी डेटनला परत जाऊन वातबोगदा केला आणि त्या शरद-हिवाळ्यात सुमारे 200 लहान पंख तपासले. दोन गोष्टी निघाल्या. एक, स्थिरांकच चुकीचा होता. त्यांच्या मापांतून 0.0033 पाउंड आला, जुना आकडा 0.005 होता. मेट्रिकमध्ये 0.081 विरुद्ध 0.13, म्हणजे जुना आकडा 60 टक्क्यांनी फुगलेला. दुसरी, लिलिएनथालचं कोष्टक एका ठरावीक पंखाचं होतं: 1/12 कमान, टोकांना निमुळता, लांबी रुंदीच्या सुमारे साडेसहा पट. राइटांचा 1901 चा पंख होता 22 फूट × 7 फूट, जेमतेम तिप्पट, आणि कमानही वेगळी. आखूड-रुंद पंख तेवढ्याच कोनात कमीच उचलतो. त्या विशिष्ट पंखापुरतं लिलिएनथालचं कोष्टक बरंच बरोबर आहे, हे विल्बर राइटने स्वतः मान्य केलं.

आणि 0.13 फुगलेला असूनही लिलिएनथाल कसा उडत होता? कारण त्याने कोष्टकावर विसंबून पंख ठरवला नाही. त्याने 1 मीटरच्या फळीपासून क्षेत्रफळ, कमान, वारा एकेक बदलत प्रत्यक्ष पाहिलं. ग्लायडरमध्ये कमानही त्याने 1/12 वरून 1/15 ते 1/20 च्या आसपास कमी केली.

---

उताराचा वारा

@गणितगप्पा, कमान कमी का केली तेही सांगा, नाहीतर मुलं म्हणतील की 1/12 सर्वांत चांगली तर बदलली कशाला.

---

गणितगप्पा

बरोबर. कमानदार पंखावर दाबाचा मध्य एका जागी राहत नाही. कोन कमी झाला की तो मागे सरकतो, मागची बाजू उचलली जाते, नाक आणखी खाली जातं, कोन आणखी कमी होतो. वरून झोत आला की ग्लायडर डुबकी मारतो आणि माणसाकडे पायांनी सावरायला तेच 12 सेंटीमीटर. जेवढी कमान जास्त तेवढं हे सरकणं जास्त. म्हणून उचल थोडी सोडून त्याने स्थिरता घेतली. मॉडेलमध्येही हेच करा, 1/15 ठेवा.

---

कामटी-कागद

मॉडेलचं माझ्याकडे.

1:10 म्हणजे विस्तार 67 सेंटीमीटर, क्षेत्रफळ 1300 चौरस सेंटीमीटर, सरासरी रुंदी 19.4 सेंटीमीटर. वजन दहाव्या हिश्शाने नाही, हजाराव्या हिश्शाने कमी होतं, तेव्हा ग्लायडर 20 ग्रॅम आणि माणूस 80 ग्रॅम, एकूण 100. वेग 10 च्या वर्गमुळाने कमी, म्हणजे सेकंदाला साडेतीन मीटर. झपझप चालतो त्याच्या दुप्पट वेग समजा. वर्गात 2 मीटर उंचीवरून सोडलं तर 6-7 मीटर जाईल, त्यापेक्षा जास्त अपेक्षा ठेवू नका. मूळ ग्लायडरच तसा होता.

20 ग्रॅममध्ये सांगाडा बसवणं हीच कसोटी आहे. बालसा आणू नका. पतंगवाल्याकडच्या बांबूच्या कामट्या घ्या. मधली मुख्य कामटी 3 मिलिमीटर, फासळ्या दीड मिलिमीटरपर्यंत तासून. पेर फासळीच्या मध्यावर येऊ देऊ नका, तिथे वाक नीट येत नाही आणि कमान मोडते. दोन्ही पंखांच्या जोडीच्या फासळ्या एकाच कामटीतून उभ्या चिरून काढा, म्हणजे लवचिकता सारखी राहते. ही एक गोष्ट टाळली की मॉडेल कायम एका बाजूला वळतं आणि मग कारण सापडत नाही.

वाक देताना कामटी 10 मिनिटं गरम पाण्यात, मग मेणबत्तीच्या ज्योतीच्या वर 4-5 सेंटीमीटर अंतरावर धरून हळूहळू. 15 सेंटीमीटरच्या फासळीला 1 सेंटीमीटर कमान. सर्वांत उंच बिंदू पुढच्या टोकापासून एक तृतीयांशावर. थंड होईपर्यंत फळीवर खिळ्यांच्या मध्ये अडकवून ठेवा, नाहीतर निम्मा वाक सुटतो.

जोड दोऱ्याने बांधा आणि वर फेव्हिकॉलचा एक थेंब. गरम गोंदाची बंदूक नको, चार जोडांत 5 ग्रॅम जातात.

आच्छादनाला पतंगाचा पातळ कागद. कापड हवं असेल तर सर्वांत हलकं पॉलिस्टर अस्तर. सुती कापड या मापात जड पडतं आणि विणीतून हवा गळते, म्हणून उचल मिळत नाही. कागद फासळ्यांच्या वरून नाही, खालून चिकटवा, मग कमान खालच्या बाजूनेही दिसते. वाळल्यावर पाण्याचा बारीक फवारा मारून ताणू द्या, पण त्या वेळी दोन्ही पंख फळीवर टाचणीने धरून ठेवा. मोकळे सोडले तर पिळतात.

पंख आडव्याला 5-6 अंश वर उचललेले ठेवा. माणूस मातीचा किंवा सीसाच्या गोळ्यांची पुरचुंडी. ती खाली लटकवा आणि पुढेमागे सरकवता येईल अशी दोऱ्याच्या फासात ठेवा. यातूनच मुलांना नियंत्रण कळेल.

गुरुत्वमध्य आधी सरासरी रुंदीच्या पुढून 25 टक्क्यांवर, म्हणजे सुमारे 5 सेंटीमीटर. आडव्या शेपटाचं मागचं टोक किंचित वर, पंखाच्या मानाने उणे 3 अंश. मग सोडून पाहा. नाक वर, थांबणं, आपटणं: पुरचुंडी 3-4 मिलिमीटर पुढे. सरळ डुबकी: मागे घेण्याआधी शेपटाचा कोन पाहा, बहुतेक वेळा तिथेच घोळ असतो. डावीकडे वळत असेल तर पंख समोरून डोळ्याच्या रेषेत धरून पिळ तपासा. उभं शेपूट वाकवून भरपाई करू नका, पिळ गरम वाफेने सरळ करा.

फेकू नका. पुढे ढकलल्यासारखं, नाक जरा खाली ठेवून, साडेतीन मीटरच्या वेगाने सोडा. जोरात फेकलं की उचल वेगाच्या वर्गाने वाढून नाक वर जातं आणि मुलांना वाटतं मॉडेलच बिघडलंय. पंखे बंद.

---

प्रयोगवही

@कामटी-कागद, हे इतकं नेमकं मिळेल असं वाटलं नव्हतं. शेपूट मूळसारखं मोकळं ठेवू की घट्ट?

---

कामटी-कागद

दोन्ही करा. बिजागरी म्हणून कागदाची पट्टी, खाली कामटीचा अडसर, आणि घट्ट करायचं तेव्हा वरून सेलोटेपचा तुकडा. घट्ट शेपटाने मॉडेल नीट बसवून घ्या. मग पुरचुंडी 1 सेंटीमीटर मागे सरकवून मुद्दाम नाक वर जाऊ द्या: शेपूट घट्ट असताना ते डुबकी घेऊन बऱ्याचदा सावरेल. टेप काढून तसंच सोडा, तर शेपूट वर उघडताना आणि मॉडेल बसत जाताना दिसेल. मोबाइलवर स्लो मोशनमध्ये बाजूने चित्रण करा. खाली जाड गादी हवी, आणि 3-4 फासळ्या जादा करून ठेवा.

---

उताराचा वारा

फलकासाठी पुढच्या लोकांची ओळ हवी असेल तर: ब्रिटिश उडणारा पर्सी पिल्चर बर्लिनला येऊन लिलिएनथालकडून शिकला, त्याचा ग्लायडर विकत घेतला आणि 1899 मध्ये शेपटाचा आधार मोडल्याने पडून मेला. अमेरिकन अभियंता ऑक्टेव्ह शानूटच्या मंडळींनी 1896 च्या उन्हाळ्यात मिशिगन सरोवराकाठच्या वाळूवर आधी लिलिएनथालच्या धर्तीचा ग्लायडरच उडवून पाहिला, मग दुमजलीकडे वळले. मॉस्कोत रशियन शास्त्रज्ञ निकोलाय झुकोव्हस्कीनेही एक विकत घेतला होता. राइट बंधूंनी लिलिएनथालच्या मृत्यूची बातमी वाचून या विषयात लक्ष घातलं. विल्बरने 13 मे 1900 ला शानूटला लिहिलेल्या पत्रात तेच 5 तास काढले आहेत: पाच वर्षांत हवेत जेमतेम 5 तास, एवढ्या सरावात कोणी काय शिकणार. म्हणून राइटांनी आधी वाऱ्यात दोरीने बांधून पतंगासारखा ग्लायडर उडवायचं ठरवलं आणि पाय फेकण्याऐवजी पंखच पिळायची योजना केली.

छायाचित्रं छापायची असतील तर ओटोमार आन्श्युट्झची 1893-94 मधली आणि रिखार्ड नॉयहाउसची पाहा. पाय कुठे फेकले आहेत ते त्यांत स्पष्ट दिसतं. मुलांना छायाचित्र दाखवून आधी ओळखायला सांगा, कोणता पंख वर गेला होता. मूळ ग्लायडर म्युनिकच्या डॉइचेस म्युझियममध्ये, लंडनच्या सायन्स म्युझियममध्ये आणि वॉशिंग्टनच्या एअर अँड स्पेस म्युझियममध्ये आहेत, फासळ्यांच्या खोबणी कशा बसवल्या ते त्यांच्या चित्रांवरून घ्या. जन्मगावी आंकलामलाही त्याच्या नावाचं संग्रहालय आहे.